तराजूवरचे नऊ दिवस

पेन कागदावर टेकलं होतं, पण पुढे सरकत नव्हतं. आस्थापना शाखेतल्या बाईंनी खिडकीच्या आतून थोडी वाट पाहिली आणि मग स्वतःचं पेन पुढे केलं. "हे घ्या साहेब. तुमचं रुसलेलं दिसतंय." त्याने मान हलवली. पेनाचं काही बिघडलं नव्हतं. जिथे ते टेकलं होतं तिथे शाईचा ठिपका पसरत मोहरीएवढा झाला होता. हाच कागद त्याने सोळा महिने दर महिन्याच्या वीस तारखेला इथेच, खिडकीच्या या चार बोटं रुंद फळीवर, उभ्याउभ्याच सही करून दिला होता. कागद छापील होता. वर कार्यालयाचं नाव, मध्ये दोन ओळी, खाली सहीची जागा. 'मी प्रमाणित करतो की, निलंबनाच्या कालावधीत, सदर महिन्यात, मी अन्यत्र कोणतीही नोकरी, धंदा, व्यवसाय अथवा काम केलेले नाही.' पहिल्या महिन्यात त्याने त्या ओळी दोनदा वाचल्या होत्या. नंतर वाचल्याच नाहीत. आज मात्र ओळीच्या शेवटाकडे डोळा गेला, तिथून तो 'सदर महिन्यात'वर परत आला, आणि हात थांबला. या महिन्यात त्याने काम केलं होतं. नऊ दिवस.

निलंबित माणसाला पगार नसतो, भत्ता असतो. निर्वाह भत्ता म्हणतात त्याला, म्हणजे जीव राहील इतपत. घरी लेकीने विचारलं तेव्हा त्याने तिला भाकरीच्या भाषेत समजावून सांगितलं होतं. समज, रोजची एक भाकरी आहे. तुझ्यावर आळ आला, खरा की खोटा ते अजून ठरायचंय. तोवर तुला उपाशी तर ठेवता येत नाही, म्हणून अर्धी द्यायची. सहा महिने झाले, निकाल लागला नाही, आणि उशीर तुझ्यामुळे झालेला नाही असं वरच्यांना पटलं, तर अर्धीची पाऊण करायची. निर्दोष सुटलीस तर राहिलेली सगळी अर्धी-पाव भाकरी एकदम मिळते. लेक हिशोबी आहे. ती म्हणाली, "म्हणजे बाबा, तोपर्यंत शिळी झालेली." तो हसला होता. मग तिने विचारलं, "आणि या पाऊण भाकरीच्या बदल्यात तुम्ही काय करायचं?" "काही नाही," तो म्हणाला होता. "काही करायचं नाही, एवढंच करायचं." तेव्हा ते वाक्य त्याला चांगलंच जमलेलं वाटलं होतं.

काही न करणं हे किती अवघड काम आहे ते पुढे कळलं. सकाळी नऊला बायको शिलाई मशीनवर बसायची, पडद्यांचं कापड घरभर पसरायचं, आणि तो या खोलीतून त्या खोलीत कापड ओलांडत फिरायचा. तिने एकदाही 'पायात येऊ नका' म्हटलं नाही. म्हणाली असती तर बरं झालं असतं. चौकशीचं विचारायला गेलं की अधिकारी म्हणायचे, कोर्टात काय होतं ते बघू. वकिलाला विचारलं की तो म्हणायचा, चौकशीत काय होतं ते बघू, आणि तोवर तोंड उघडू नका, कुठेच. दोन म्हाताऱ्यांनी दारात एकमेकांना 'आधी तुम्ही, आधी तुम्ही' करत राहावं आणि मागचा माणूस उन्हात उभा असावा, तशी गत. वकिलाने जबाब द्यायचा नाही म्हणून सांगितलं होतं, त्याने दिला नव्हता. शहर सोडायचं नाही म्हणून सांगितलं होतं, त्याने सोडलं नव्हतं. सोळा महिन्यांत सरकारने त्याला एकच प्रश्न विचारला होता, दर वीस तारखेला, आणि त्याचं उत्तरही स्वतःच छापून दिलं होतं.

दाजी शिडीवरून पडले ती गोष्ट या महिन्याच्या सुरुवातीची. ताईचं दुकान खिळे, स्क्रू, बिजागऱ्या, साखळ्यांचं. दाजी वरच्या फळीवरून कड्या काढत होते आणि शिडीची खालची पायरी आहे असं समजून त्यांनी हवेत पाय ठेवला. घोटा मोडला. ताईचा फोन आला, "अरे, मी दवाखान्यात बसू की गल्ल्यावर? तू मोकळाच आहेस ना?" ताईला दुसऱ्याला लागेल असं बोलायची लहानपणापासून सवय आहे, आणि लागलं हे तिला लहानपणापासून कधी कळत नाही. तो मोकळाच होता. शर्ट घालून गेला. दुकानात शिरल्यावर आधी लोखंडाचा आणि ग्रीसचा वास आला, आणि मग गल्ल्याशेजारी तो तराजू दिसला. जुना, दोन परड्यांचा. सगळ्या बाजारात आकडे दाखवणारे काटे आले तरी दाजींनी तो बदलला नव्हता. "आकडा गिऱ्हाइकाला काय कळतो? परडी कळते," असं ते म्हणायचे. त्याने बाही वर केली, दोन्ही परड्या पुसल्या, रिकाम्या सोडल्या आणि काटा मध्यावर येऊन थांबेपर्यंत बघत राहिला. काटा थांबला. त्याच्या पोटात कुठेतरी, कितीतरी महिन्यांनी, काहीतरी जागेवर आल्यासारखं झालं.

तो वजनमापे निरीक्षक होता. होता म्हणावं की आहे, हे सध्या कोणी ठरवलेलं नव्हतं. चोवीस वर्षं त्याने दुसऱ्यांचे तराजू तपासले होते. मखमलीच्या खणातली पितळी प्रमाण वजनं चिमट्याने उचलायची, हाताने कधीच नाही, कारण बोटाचा घामसुद्धा वजनाला चिकटतो. एका परडीत ठेवून बघायचं, मग परड्या बदलून बघायचं. बरोबर असेल तर शिशाच्या टिकलीवर खात्याचा ठसा ठोकायचा. पण स्वतः कुणाला काही तोलून देणं, पुड्यात बांधणं, 'घ्या' म्हणणं, हे त्याने चोवीस वर्षांत केलं नव्हतं. परीक्षक सगळी उमर पेपर तपासतो, एक दिवस त्याला वर्गात उभं करावं, तसं पहिल्या सकाळी त्याला वाटलं. खोऱ्याने खिळे ओतताना पहिल्यांदा जास्त पडले, मग कमी. दुपारपर्यंत हाताला अंदाज आला. पाव किलोचे खिळे खोऱ्यात आले की मनगटाला कळायला लागलं. संध्याकाळी पाठ दुखत होती, नखात काळं गेलं होतं, आणि घरी जाताना तो चालता चालता गुणगुणत होता, हे त्याला कोपऱ्यावरच्या चष्मेवाल्याने मान वर करून बघितलं तेव्हा समजलं.

तिसऱ्या दिवसापासून शेजारच्या सुताराची मुलगी येऊ लागली. नऊ-दहा वर्षांची, पुढचे दोन दात नवे, मोठे. बापाने सांगितलेलं सामान घ्यायची आणि परत जायच्या ऐवजी परडीकडे बघत उभी राहायची. त्याने विचारलं, "काय बघतेस?" ती म्हणाली, "कोण जिंकतंय ते." त्याला इतकं चांगलं उत्तर चोवीस वर्षांत कोणा व्यापाऱ्याने दिलं नव्हतं. मग त्यांचा खेळ ठरला. ती मूठभर वायसर, स्क्रूखाली बसणाऱ्या त्या लोखंडी चकत्या, उचलायची, किती ग्रॅम आहेत ते सांगायची, आणि तो तोलायचा. पहिल्या दिवशी तिचा अंदाज पार चुकला. त्याने बरोबर काय ते सांगितलं नाही, फक्त म्हणाला, "डोळे मिटून घे आता. डोळ्यांना नको तेवढं दिसतं." तिने डोळे मिटले. पाचव्या दिवशी ती पाच-दहा ग्रॅमच्या आत आली, आणि स्वतःवर इतकी खूश झाली की वायसर सांडले. "आता हे गोळा कर," तो म्हणाला. ती गोळा करताना म्हणाली, "काका, तुम्ही आधी कुठल्या दुकानात होतात?" तो म्हणाला, "सगळ्या." तिला ते पटलं.

खिडकीत त्याच्या मागे रांग झाली होती. रांग म्हणजे एकच म्हातारे गृहस्थ, पण ते तिघांची जागा घेऊन उभे होते. हातात काठी, काखेत फाईल. "झालं का हो?" त्यांनी विचारलं. "मला फक्त हयातीचा दाखला द्यायचाय. मी जिवंत आहे एवढंच लिहायचंय. तुम्ही उशीर केलात तर खोटं ठरेल." आतल्या बाई हसल्या. तोही हसला आणि बाजूला सरकला. म्हाताऱ्यांनी झोकात सही केली, खाली तारीख घातली, बाईंनी शिक्का मारला. "झालात तुम्ही जिवंत," त्या म्हणाल्या. "वर्षभर काळजी नाही," म्हातारे म्हणाले आणि काठी टेकत निघून गेले. तो पुन्हा फळीसमोर आला. शाईचा ठिपका वाळला होता.

"मॅडम," तो म्हणाला, "खाली एक ओळ लिहिली तर चालेल?"

"लिहा की. 'वरील मजकूर खरा आहे' असं लिहिणार असाल तर त्याची गरज नाही, सगळ्यांनाच ठाऊक आहे."

त्याने सहीच्या जागेच्या वर, बारीक अक्षरात लिहायला सुरुवात केली. 'मात्र सदर महिन्यात...' इतकं झालं आणि तो पुन्हा थांबला. सातव्या दिवशी दुकानात नवा निरीक्षक आला होता. त्याच्याच जागेवर नेमलेला तरुण मुलगा, अंगात अजून नव्या गणवेशाची घडी. दार ओलांडून आत आला, हातात तीच मखमलीची पेटी, आणि गल्ल्यावर त्याला बघून जागच्या जागी थांबला. "सर," तो म्हणाला. हा म्हणाला, "या. तपासणी ना? करा." मुलाने पेटी उघडली. वजन चिमट्याने उचललं. परडीत ठेवलं, पण वजन टेकल्याबरोबर चिमटा सोडला, आणि परडी हलली. याच्या तोंडातून निघून गेलं, "सावकाश. परडी स्थिर झाली की मग सोडायचं." मुलाने मान डोलावली, परत केलं. परड्या बदलून बघितलं. तराजू बरोबर होता. ठशाचं पाकीट मुलाने स्वतःच्या खिशातून काढलं, स्वतःच ठोकलं, आणि ठसा लगेच खिशात परत ठेवून वरून बटण लावलं. ते बटण लावताना त्याने वर बघितलं नाही. हा मात्र त्या बटणाकडेच बघत होता. मग मुलाने तपासणीची वही काढली आणि अडखळला. "सर, 'तपासणीच्या वेळी हजर' इथे काय लिहू?" हा म्हणाला, "जे आहे ते लिही." मुलाने थोडा वेळ विचार केला आणि लिहिलं, 'दुकान मालकिणीचे बंधू.' आणि वही वळवून त्याच्यापुढे धरली. त्यात खोटं काही नव्हतं.

ठसा हातातून सोडू नये असा नियम आहे. तो नियम त्याला खात्यात आल्यापासून पाठ होता, आणि खात्यात आल्यापासून कोणीही पाळताना दिसला नव्हता. वर्षातून एकदा घाऊक बाजारात दीडदोनशे काटे एका दिवसात व्हायचे. निरीक्षकाने पुढे जाऊन तपासायचं, बरोबर असेल त्यावर खडूने फुली मारायची, आणि मागून तराजू दुरुस्त करणारा कारागीर ठसा ठोकत यायचा. फुली तिथे ठसा. त्याला ते त्याच्या वरिष्ठाने शिकवलं होतं, वरिष्ठाला त्याच्या वरिष्ठाने. तेवीस वर्षं काही झालं नाही. चोविसाव्या वर्षी कारागिराने स्वतःच्या खिशातून खडू काढला. चौदा काटे, चौदा फुल्या, चौदा ठसे. त्यातले अकरा खोटे निघाले. कारागीर पहिला आरोपी, तो दुसरा. कट केला, फसवणूक केली, असं कागदात होतं. कट त्याने केला नव्हता. ठसा मात्र दिला होता. "दिला होता असं कुठेही म्हणायचं नाही," वकील म्हणाला होता, "काढून घेतला असेल." त्याला तेव्हा आश्चर्य वाटलं होतं की इतक्या वर्षांत, ठसा दुसऱ्याच्या हातात देताना, एकदाही त्याच्या बोटांना काही जड किंवा हलकं वाटलं नव्हतं. सगळेच देत होते. आपण देतो आहोत हेसुद्धा लक्षात यायचं नाही.

"साहेब, काय लिहिताय एवढं?" बाईंनी मान वाकडी करून उलट्या बाजूने वाचलं. वाचायला त्यांना वेळ लागला, तोवर ओळ पूर्ण झाली होती. 'मात्र सदर महिन्यात बहिणीच्या दुकानात नऊ दिवस तराजूवर बसून काम केले. मोबदला घेतलेला नाही.' बाईंनी चष्मा काढला. "अहो, हे काय?" त्या हळू आवाजात म्हणाल्या. "इथे सगळे करतात हो. तो निलंबित झालेला गोदामवाला रात्री रिक्षा चालवतो, मला सगळं ठाऊक आहे. सही करून जातो बिचारा. कोणी विचारलं का तुम्हाला?" "दर महिन्याला विचारता की," तो म्हणाला. बाईंनी त्याच्याकडे बघितलं आणि तो कागद हातात धरून, जणू ओला आहे अशा बेताने, उठल्या. "आत चला. मी असला कागद घेत नाही बाई. साहेबच काय ते बघतील."

अधीक्षक आणि तो एकाच वर्षी खात्यात आले होते. पहिली दोन वर्षं एका खोलीत राहिले होते, एका स्टोव्हवर आळीपाळीने स्वयंपाक केला होता. अधीक्षकाची खिचडी नेहमी करपायची. आता त्याच्या टेबलावर काच होती, काचेखाली नातवाचा फोटो. त्याने कागद वाचला, दार लावून घ्यायला सांगितलं, आणि खुर्चीत मागे रेलला.

"पैसे घेतलेस?"

"नाही. ताईने शेवटच्या दिवशी पाकीट पुढे केलं. नाही घेतलं. मग तिने शिव्या दिल्या."

"त्या घेतल्यास."

"त्या घ्याव्याच लागतात."

"मग अरे, हे काम कसलं? बहिणीला मदत. मदतीला या कागदात रकाना नाही."

"काम होतं ते," तो म्हणाला.

"कशावरून?"

पाठ दुखत होती, असं सांगावंसं वाटलं. रात्री अंथरुणाला पाठ लागली की सकाळच व्हायची, असं सांगावंसं वाटलं. एक मुलगी डोळे मिटून वजन ओळखायला शिकली. सकाळी कुलूप उघडताना आज काय होईल असं वाटायचं. गिऱ्हाइकाने पुडकं हातात घेतलं की त्याच्या चेहऱ्यावर, बरोबर आहे, अशी जी सावली येऊन जाते, ती चोवीस वर्षांत पहिल्यांदा त्याला समोरून दिसली. पण हे सगळं अधीक्षकाच्या टेबलावर ठेवण्यासारखं नव्हतं. "नऊ दिवस होतं ते," तो शेवटी म्हणाला. "सोळा महिन्यांत तेवढंच होतं."

अधीक्षकाने खणातून कोरा छापील कागद काढला आणि पहिल्याच्या शेजारी, नीट समांतर ठेवला. "बघ," तो म्हणाला, आणि आता तो मित्रासारखा बोलत होता, म्हणून ऐकायला जास्त जड जात होतं. "तुझी ही ओळ राहिली, तर या महिन्याचा भत्ता मला सोडता येत नाही. खुलासा मागवावा लागेल. तो वर जाणार, वरचे आणखी वर विचारणार. दोन महिने धर, तीन धर. पाऊणचा पुन्हा अर्धा कर, असंही कोणी लिहील. तुझा वकील कपाळ बडवून घेईल. आणि त्या बाजाराची तपासणी त्या नव्या पोराने केलीय, त्याला विचारतील, तू गेला होतास, तुला दिसलं नाही का?"

"त्याने लिहिलंय. मालकिणीचा भाऊ हजर. मी आहेच भाऊ."

"हो रे बाबा, आहेस." अधीक्षकाने डोळे चोळले. "लेकीची फी कधी आहे?"

"दहा तारखेला. दुसरा हप्ता."

"मग?"

खोलीत पंखा फिरत होता आणि दोन्ही कागदांची टोकं एकदमच उचलली जात होती, एकदमच खाली बसत होती. त्याने दोन्हींकडे बघितलं. कोरा कागद स्वच्छ होता. सही करायला पाच सेकंद. हेच तर चोवीस वर्षं केलं, त्याला वाटलं, आणि वाटलं ते कुठल्याही रागाशिवाय, एखादी साधी बेरीज जमावी तसं. सगळे करतात, लक्षातही येत नाही, बोटांना काही जड लागत नाही. आज लागलं, एवढंच. फी डोळ्यांपुढे आली, पाठ वळवून अभ्यास करणारी लेक आली, पडद्याच्या कापडावरून वाकलेली बायको आली. त्यांची समजूत कशी घालायची ते त्याला माहीत नव्हतं. आपण मोठं काही करतो आहोत असंही त्याला वाटत नव्हतं. खरं तर त्याला थोडी लाज वाटत होती. चोरासारखी नाही, हट्टी पोरासारखी. कोरा कागद त्याने उचलला, काळजीपूर्वक, घडी न पाडता, आणि अधीक्षकाच्या बाजूला सरकवला.

"तू पहिल्यापासून असाच," अधीक्षक म्हणाला.

"पहिल्यापासून नाही रे," तो म्हणाला.

बाईंनी ओळ असलेल्या कागदावर 'मिळाले'चा शिक्का मारला, झेरॉक्स काढून त्याच्या हातात दिली, आणि पैसे घेतले नाहीत. रस्त्यावर दुपार होती. तो नेहमीच्या बसने गेला नाही, चालत गेला. चालताना त्याला बायकोला सांगायची वाक्यं सुचत होती आणि प्रत्येक पुढच्या दिव्याच्या खांबाशी ती बदलत होती. आधी फीचं सांगावं की आधी कागदाचं. पहिल्या वाक्यात 'ताई' हा शब्द येऊ नये, कारण ताईचं नाव आलं की बायको पुढचं ऐकत नाही. निलंबनाचा आदेश आला त्या दिवशीही तो असाच चालत आला होता, तेव्हा एकही वाक्य सुचलं नव्हतं, आणि दारात उभा राहून त्याने नुसता लिफाफा पुढे केला होता. तिने तो वाचून कपाटात ठेवला होता, लग्नपत्रिका आणि लाइट बिलं ठेवते त्याच खणात, आणि म्हणाली होती, "हात धुऊन घ्या." आजही लिफाफा पुढे करावा का, असं त्याच्या मनात आलं. पण आज आदेश दुसऱ्या कोणाचा नव्हता. जिना चढताना मशीनचा आवाज येत होता, लांब सलग शिवण, मध्ये न थांबता. तो आवाज थांबेपर्यंत तो दाराबाहेर उभा राहिला. मग आत गेला.

त्याने सगळं सांगितलं. मध्ये काही गाळलं नाही, आणि ताईचं नाव शेवटी पहिल्याच वाक्यात आलं. तिने ऐकताना दोरा तोडला, कापडातली टाचणी काढून पिनकुशनमध्ये खोचली. मग झेरॉक्स हातात घेतली, उजेडाकडे धरून वाचली.

"एका ओळीसाठी?" ती म्हणाली.

"हो."

"दहा तारखेला मी काय देऊ? ही ओळ देऊ?"

तिने पडद्याच्या कापडाचा ढीग खुर्चीवरून खाली ठेवला, त्याला बसायला जागा केली, आणि स्वतः उभीच राहिली. बराच वेळ ती खिडकीबाहेर बघत होती. त्याला वाटलं ती रडते आहे, पण ती हिशोब करत होती. ओठ हलत होते. "हॉटेलवाल्यांचे बावीस पडदे आहेत," ती म्हणाली. "आगाऊ मागते अर्धे. देतील. नाही दिले तर माझी ती चेन पडूनच आहे." मग थोड्या वेळाने, अजून खिडकीकडेच तोंड करून, "तुमच्या ताईला एक शब्द बोलू नका. ती पैसे घेऊन धावत येईल आणि मग खरंच मोबदला होईल."

"नाही सांगत."

"आणि त्या दिवसांत," ती म्हणाली, "तुम्ही रात्री घोरत होतात."

"मी?"

"सोळा महिने तुम्ही जागे असता, झोपल्याचं सोंग घेऊन. मला काय कळत नाही? एक दिवस घोरायला लागलात. मला आधी भीती वाटली. मग म्हटलं, लागलेत कामाला." तिने पुन्हा झेरॉक्स वाचली, या वेळी बोट फिरवत, आणि बोट मध्येच थांबलं. कपाळाला आठी पडली. "अहो, हे नऊ कसे?"

"नऊच. मी मोजलेत. सोमवार ते शनिवार सहा, आणि पुढचे तीन."

"आणि मधला रविवार? सकाळी गेलात ते संध्याकाळी आलात. बाह्या काळ्या करून. मी धुतलाय तो शर्ट."

"रविवारी दुकान बंद होतं," तो म्हणाला. "गिऱ्हाईक नाही, तराजूला हात नाही. नुसते दाजींनी एकात एक मिसळलेले खिळे निवडत बसलो होतो. आकाराप्रमाणे वेगळे केले. बरण्यांवर चिठ्ठ्या लावल्या..."

तो बोलता बोलता थांबला. ती कंबरेवर हात ठेवून त्याच्याकडे बघत होती. त्याने तिच्या हातातली झेरॉक्स घेतली. 'नऊ दिवस' हे दोन शब्द त्याच्याच अक्षरात होते, ठळक, शंका नसलेल्या माणसाने लिहावेत तसे.

"दहा झाले," तो म्हणाला.

"दहा."

"उद्या जाऊन दुरुस्त करून द्यायला हवं."

"तो अधीक्षक तुम्हाला मारेल."

"मारू दे."

तिच्या तोंडाचा कोपरा हलला. मग ती हसायलाच लागली, आधी आवाज न करता, मग भिंतीला टेकून. निलंबनाचा आदेश आल्यापासून त्याने तिला असं हसताना बघितलं नव्हतं. तोही हसला, कशाला ते नीट न कळून. डोळे पुसत ती मशीनवर बसली, सुईत दोरा ओवायला वाकली. "जा," ती म्हणाली. "पण डबा घेऊन जा. उद्या तुम्हाला तिथे दिवसभर बसवून ठेवणार आहेत."